काळ्या दिव्याखाली पांढरी साडी

फ्लुओरोक्रोम हा शब्द मी पहिल्यांदा वाचला तो एका दाराच्या पाठीमागे. दार तपासणीच्या अंधारखोलीचं. आतल्या बाजूला खिळ्याला एक टाइप केलेला इंग्रजी कागद अडकवलेला होता, कडा तेलाने पिवळ्या पडलेल्या. त्यावर नऊ नियम होते. सातवा असा, की टाकीतल्या फ्लुओरोक्रोमशिवाय दुसरा कुठलाही फ्लुओरोक्रोम या खोलीत आणू नये. मला इंग्रजी वाचता येत होतं, कॉलेजची दोन वर्षं झाली होती. पण हा शब्द मला अडला, आणि तो कुणा जाणत्याला विचारावा हे काही मला सुचलं नाही. मी त्यावर पत्रक लिहिलं.

तेव्हा मी बावीस वर्षांची होते आणि प्रत्येक गोष्टीवर पत्रक लिहीत होते.

कारखान्याचं नाव लिहीत नाही. जबलपुरातले मोठे कारखाने सगळ्यांना माहीत आहेत. माझे वडील त्यातल्याच एकात, खमरियाला, रोज सायकलने जात. आमचा कारखाना त्यांच्यापुढे काहीच नव्हता. पत्र्याचं छप्पर, एक भट्टी, थोडे लेथ, आणि तपासणीला नि पॅकिंगला बायका. ॲल्युमिनियमचे मुठीएवढे ओतीव तुकडे आम्ही बनवायचो आणि मोठ्या कारखान्यांना पुरवायचो. ते पुढे कशात बसतात हे आम्हाला सांगत नसत, आणि विचारलं की "काम करो" एवढंच उत्तर. बांगला देशाच्या लढाईचं ते वर्ष. कशात बसत असतील याचा अंदाज शेंबड्या पोरालाही आला असता.

मी पॅकिंगला होते. तपासणी शेजारच्या खोलीत चाले, आणि तिची पद्धत आधी सांगितली पाहिजे, नाहीतर पुढचं काही कळणार नाही. तुकडा आधी एका टाकीतल्या हिरवट तेलात बुडवायचा. अर्धा तास तसाच ठेवायचा, म्हणजे कुठे केसाएवढी जरी भेग असली तरी तेल तिच्यात शिरतं. मग वरचं तेल पाण्याने धुऊन टाकायचं, तुकडा वाळवायचा, त्यावर खडूसारखी पूड भुरभुरायची. पूड भेगेतलं तेल वर ओढते. मग तो तुकडा अंधारखोलीत न्यायचा आणि काळ्या दिव्याखाली धरायचा. काळा दिवा म्हणजे गडद जांभळ्या काचेचा दिवा, ज्याचा उजेड जवळजवळ दिसतच नाही. पण भेगेतलं तेल त्याच्याखाली हिरवंपिवळं पेटतं. बाकी सगळा तुकडा काळा, आणि मध्ये सुईने ओढल्यासारखी एक उजळ रेघ. रेघ दिसली की तुकडा बाद.

ही रेघ इतकी बारीक असते, की उजेडातून आलेल्या डोळ्यांना ती दिसत नाही. म्हणून काम सुरू करण्याआधी बायकांनी दहा मिनिटं अंधारात नुसतं बसायचं असा रिवाज होता. याला त्या 'आंधळं बसणं' म्हणत. त्या दहा मिनिटांत कारखान्यातली सगळी खरी बातमी तयार व्हायची. कुणाची सासू काय म्हणाली, कुणाच्या भावाचं कुठे जमलं, कोणत्या बाबूचा कोणावर डोळा आहे. मीही ट्रे पोचवायच्या निमित्ताने आत शिरून भिंतीला टेकून उभी राहायची.

तपासणीत सगळ्यात पक्की नजर काकूंची. त्या माझ्या नात्यातल्या नव्हेत. दीक्षितपुऱ्यात आमच्या मागच्या गल्लीत राहायच्या, आणि सगळा कारखाना त्यांना काकूच म्हणे. त्यांचा नवरा आमच्याच भट्टीवर होता. पोटाच्या दुखण्याने तो गेल्यावर त्याच्या जागी काकूंना घेतलं. मूलबाळ नाही, घरी सासू. चाळिशीही झाली नव्हती, पण सासूने रंगीत नेसू दिलं नाही. पुढे काकूंनी स्वतःच पांढऱ्याचा हट्ट धरला. म्हणायच्या, "नेसायचीच आहे ना पांढरी? मग अशी नेसीन की बघणाऱ्यानं मान खाली घातली पाहिजे." एवढ्या तेलामळाच्या कारखान्यातून त्यांना साडीवर डाग घेऊन घरी जाताना मी कधी पाहिलं नाही.

त्याचं एक कारण म्हणजे काळा कोट. तपासणीच्या बायकांना गळ्यापासून घोट्यापर्यंतचा, जाड कापडाचा काळा कोट घालावा लागे. मे महिन्यात, जबलपूरच्या उन्हाळ्यात, पत्र्याखालच्या बंद खोलीत. पंखा नाही, कारण पंख्याने पूड उडते. एकदा दोघी एकाच दिवशी चक्कर येऊन पडल्या. मी पत्रक काढलं. मथळा होता, 'काळा कोट वकिलाला, आम्हाला काहून?' पत्रक हिंदीतही केलं, मराठीतही. त्यात मी त्या सातव्या नियमालाही हात घातला. लिहिलं, की फ्लुओरोक्रोमसारखे जड शब्द दारावर टांगून बायकांना भेडसावायचं आणि त्यांच्या आड आपला निष्काळजीपणा लपवायचा, हा मालकांचा जुना खेळ आहे. युनियनचे सेक्रेटरी होते, त्यांना मी दादा म्हणे. ते लेथवर काम करायचे, दोनदा नोकरी गमावलेले, दोनदा परत घेतलेले. त्यांना मी विचारलं होतं, फ्लुओरोक्रोम म्हणजे काय असेल? ते म्हणाले, "क्रोम म्हणजे मोटारीच्या बंपरवर असते ते. बंपर घेऊन कोण जाऊन राहिलं अंधारखोलीत? लिही तू."

मी लिहिलं. दोन दिवस आम्ही फाटकाशी बसलो. तिसऱ्या दिवशी मॅनेजर बाहेर आला आणि म्हणाला, "ठीक है. मत पहनो." एवढंच. कोट काळाच का, असा जाड का, गळ्यापासून पायापर्यंत का, यातलं एक अक्षर तो बोलला नाही. आम्ही घोषणा देत आत गेलो. बायकांनी कोट काढून कोपऱ्यात फेकले, त्यांचा ढीग झाला, आणि त्या ढिगावर मी चढून भाषण केलं. मला ते दोन दिवस अजून लख्ख आठवतात. माझी पहिली जीत होती ती.

दिवाळी आली. ओमती बाजारातल्या एका दुकानात कपडे पांढरे करायची नवी पूड आली होती. निळीसारखी नाही, त्याहून भारी. शेवटच्या पाण्यात चिमूटभर टाकायची, की जुनं कापडही नवं दिसतं. मी एक पाकीट आणलं, अर्धं घरी ठेवलं आणि अर्धं पुडीत बांधून काकूंना दिलं. दिवाळीला त्यांना दुसरं काय देणार? साडी देऊ तर सासू बोलणार. पूड घेऊन त्यांनी वास घेतला आणि म्हणाल्या, "अच्छा, म्हणजे आता सासूबाईंच्या डोळ्यांत जास्तच खुपणार मी."

दिवाळीनंतरच्या पहिल्या दिवशी मी ट्रे घेऊन आत गेले तेव्हा आंधळं बसणं संपून काळे दिवे लागले होते. दाराशीच मी थबकले. खोलीच्या मधोमध काकू बसल्या होत्या आणि त्या पेटल्या होत्या. मला दुसरा शब्द सापडत नाही. चेहरा दिसत नव्हता, हात दिसत नव्हते. वरच्या अंगात, डाग पडू नये म्हणून, नवऱ्याचा जुना तपकिरी सदरा, तो अंधारात बुडालेला. पण त्याच्याखाली मांडीपासून पायापर्यंत साडी निळीपांढरी झगझगत होती.

बायका हसून बेजार.

"काकू, मुंडकं कुठे ठेवून आल्या?"

"काकू, तिकडे सरका ना जी जरा, मला स्वेटर विणायचा आहे तुमच्या उजेडात."

"हसू नका गं," काकू म्हणाल्या, "हसल्या की तुमचे दात चमकून राहिले. भुतं वाटता."

दातही चमकत होतेच, नखंही. ते रोजचं होतं, त्याचं कुणाला काही वाटत नसे. मग साडीचं तरी का वाटावं? उलट सगळ्यांना ते बरंच वाटलं. खोलीत दिवे कमी होते, दुसरा दिवा आम्ही कधीचा मागत होतो. काकूंनी तुकडा दिव्याखाली धरायचा तो खाली मांडीजवळ, साडीच्या उजेडात धरायला सुरुवात केली. जास्त उजेड, जास्त चांगलं दिसणार, साधा हिशेब. शेजारणींनाही वाटलं तसंच. आणि मला ते इतकं आवडलं, की पुढच्या पत्रकात मी ओळ टाकली: 'मालक दुसरा दिवा देत नाही, म्हणून आमच्या काकूंची साडी दिव्याचं काम करते आहे. लाज कुणाला वाटली पाहिजे?'

हे मी लिहिलं. छापून वाटलं. त्याची एक प्रत मॅनेजरच्या टेबलावरही मीच ठेवून आले होते.

डिसेंबरात लढाई सुरू झाली. शहरात ब्लॅकआउट. खिडक्यांना काळे कागद, मोटारींचे दिवे अर्धे रंगवलेले. आमच्याकडे काम दुप्पट झालं आणि आंधळं बसणं दहा मिनिटांवरून दोन मिनिटांवर आलं. मॅनेजर दाराशी घड्याळ घेऊन उभा राहायचा. मी दातओठ खात होते, पण लढाईच्या दिवसांत फाटकाशी बसणार कोण? दादाही म्हणाले, आत्ता नको.

आणि पहिल्याच आठवड्यात मोठ्या कारखान्याकडून एक पेटी परत आली. त्यांच्या तपासणीत आमच्या तुकड्यांत भेगा सापडल्या. एकात नाही, बऱ्याच तुकड्यांत. प्रत्येक ट्रेमध्ये तपासणाऱ्या बाईची चिठ्ठी असते. सगळ्या चिठ्ठ्यांवर काकूंची खूण होती, एक छोटा त्रिकोण.

दुपारपर्यंत नळावर बोलणं सुरू झालं. कोण बोललं ते मला माहीत आहे, पण ती बाईही घाबरलेलीच होती. ती म्हणाली, "हिच्या हातानं तिकडं आमचे जवान मरतील." कुणीतरी गद्दार म्हणालं. काकू तिथेच तोंड धूत होत्या. त्यांनी तोंड पुसलं, बादली भरली आणि आत गेल्या. मॅनेजरने त्यांना तपासणीवरून उठवलं आणि चार दिवसांनी चौकशी ठेवली. चौकशीत दोष निघाला तर नोकरी जाणार हे लिहूनच दिलं होतं. काकूंच्या घरात दुसरं कमावणारं माणूस नव्हतं. पण मला खरं सांगायचं तर त्यांच्या तोंडावर जे उतरलं होतं ते नोकरीचं नव्हतं. लढाईच्या दिवसांत गद्दार हा शब्द एकदा गल्लीपर्यंत पोचला, की मग तो धुऊन काढायला कुठलीच पूड नाही.

मला मुळीच शंका नव्हती. आंधळं बसणं कापलं, डोळे तयार झाले नाहीत, भेगा सुटल्या. दोष सरळ मॅनेजरचा. दादांनी सांगितलं, "एवढंच लिही. आणि एखादं शास्त्राचं वाक्य टाक, की डोळ्याला अंधारात किती वेळ लागते. त्या रसायनवाल्याला विचार."

रसायनवाला म्हणजे टाकीतल्या तेलाची ताकद मोजणारा मुलगा. सागर जिल्ह्याकडचा, विज्ञान शिकलेला, माझ्याहून एखाद वर्षाने मोठा असेल, सगळ्या बायकांना दीदी म्हणायचा. एका लहान खोलीत बाटल्या घेऊन बसलेला असे. मी विचारलं, त्याने सांगितलं: दहा मिनिटं तरी हवीत, दोन अजिबात पुरत नाहीत. मी लिहून घेतलं. मग तो म्हणाला, "पर दीदी, बाकी औरतें भी तो दो ही मिनट बैठी थीं. उनके टुकड़े वापस नहीं आए."

मी म्हटलं, "मग?"

"कोट क्यों उतरवाया आप लोगों ने?"

मला राग आला. मी त्याला उन्हाळा, चक्कर, बंद खोली सगळं सुनावलं. तो ऐकत राहिला. मग म्हणाला, "कपड़ा पतला माँगना था. काला तो रहने देते." आणि विचारलं, "आपके पास रुमाल है?"

होता. घरच्या अर्ध्या पाकिटातल्या पुडीत धुतलेला.

जेवणाच्या सुट्टीत तो मला अंधारखोलीत घेऊन गेला. दार लावलं आणि आम्ही पुरी दहा मिनिटं बसलो. मग त्याने काळा दिवा लावला आणि एक तुकडा धरला. हा तुकडा नेहमी तिथेच असे, मुद्दाम भेग पाडलेला, तेलाची परीक्षा घ्यायला. रेघ दिसली. बारीक, हिरवीपिवळी, स्वच्छ. "अब देखिए," म्हणत त्याने माझा रुमाल त्याच्याखाली अंथरला.

रुमाल निळापांढरा भडकला. आणि रेघ गेली.

मी डोळे ताणले. तुकडा होता, कडा होत्या, रेघ नव्हती. त्याने रुमाल ओढून घेतला. थोड्या वेळाने डोळे निवले तशी रेघ परत आली. पुन्हा रुमाल, पुन्हा गेली. तीनदा केलं त्याने. तिसऱ्यांदा मी म्हटलं, पुरे.

बाहेर येऊन त्याने मला तो शब्द सांगितला. ज्या रंगावर डोळ्यांना न दिसणारा उजेड पडला की तो दिसणारा उजेड बाहेर टाकतो, तो फ्लुओरोक्रोम. "जो रोशनी आँख को नहीं दिखती वो खाता है, जो दिखती है वो उगलता है. बस इतना." तो काही एका डब्यातल्या एका तेलाचं नाव नाही. असं वागणारा कुठलाही रंग फ्लुओरोक्रोम. डॉक्टरांच्या प्रयोगशाळेत क्षयाच्या जंतूंवर तो चढवतात, म्हणजे काळ्यावर जंतू उठून दिसतात. आम्ही तो भेगेत भरतो. आणि ओमतीच्या दुकानातली ती पूडही तेच. ती कापड धुऊन पांढरं करत नाही, कापडावर चढून बसते आणि उन्हातला न दिसणारा उजेड निळा करून परत टाकते, म्हणून कापड पांढरंशुभ्र वाटतं. घड्याळाच्या काट्यांवरच्या रेडियमसारखा हा रंग स्वतःहून चमकत नाही. दिवा विझला की त्याच क्षणी विझतो. म्हणून खोलीबाहेर काकूंची साडी नुसती साडी असायची आणि कुणाला काही कळायचं कारण नव्हतं.

मी विचारलं, "तुम्हाला हे माहीत होतं तर सांगितलं काहून नाही?"

"साड़ी चमक रही है, ये मुझे किसने बताया? मैं तो अंदर जाता नहीं." मग म्हणाला, "और आपके परचे में पढ़ा तो था. मैंने सोचा, मज़ाक लिखा है."

त्या संध्याकाळी मी काकूंकडे गेले. सासू देवापुढे बसली होती. काकू तांदूळ निवडत बसल्या होत्या. मी सगळं सांगितलं, रुमालासकट. कोटाचं सांगितलं. पूड मी दिली हेही सांगितलं, जणू त्यांना ते माहीत नव्हतं.

त्यांनी सूप खाली ठेवलं. "म्हणजे मी मांडीशी धरून बघत होती, जास्त चांगलं दिसावं म्हणून, तेव्हाच दिसत नव्हतं."

"हो."

"दिवाळीपासून."

"हो."

"मग परत आली ती एकच पेटी आली. दिवाळीपासून किती गेल्या?"

मी पॅकिंगला होते. किती गेल्या ते मला माहीत होतं. प्रत्येक पेटीचं झाकण माझ्यासमोर ठोकलं गेलं होतं. काकूंनी सूप उचललं आणि पुन्हा विचारलं नाही.

दादांना सांगितलं तेव्हा त्यांनी पेटवायला काढलेली विडी परत कानामागे खोचली. ते वाईट माणूस नव्हते, हे मला लिहिलंच पाहिजे. म्हणाले, "हे चौकशीत बोलू नको. बसणं कापलं हे खोटं आहे का? नाही. तेवढंच बोल. बाकीचं बोललीस तर उद्या आपण पंखा मागू, पाणी मागू, ते म्हणतील, मागच्या वेळी कोट काढले तेव्हा काय झालं आठवते ना?"

"पण दादा, कोट आपण काढायला लावले."

"उन्हाळा खोटा होता काय? त्या दोघी पडल्या ते खोटं होतं काय?"

"नाही."

"मग? तू बोललीस म्हणून काकूची नोकरी राहीन काय?"

 मी फक्त म्हटलं, की लोक त्यांना गद्दार म्हणून राहिले, दादा. नजर चुकली असं ठरलं तरी म्हणतील. नजर चुकली नव्हती. दिसतच नव्हतं.

चौकशीच्या दिवशी काकू मळक्या साडीत आल्या. मळकी म्हणजे घाण नव्हे. त्यांनी ती सोड्यात उकळून, दगडावर आपटून आपटून पूड काढायचा प्रयत्न केला होता. पूड सुटली की नाही ठाऊक नाही, कापड मात्र पिवळट, विरविरीत झालं होतं. घरातून निघताना सासू म्हणाली होती म्हणे, "आज काहून अशी चालली, घरात कोणी मेलं काय?" काकूंनी ते मला ऑफिसच्या जिन्यात सांगितलं आणि किंचित हसल्या.

मॅनेजरने विचारलं, तुम्हाला भेगा दिसल्या नाहीत का? काकू म्हणाल्या, "जे दिसलं ते बाद केलं. जे दिसलं नाही ते कसं करू?" बसणं कापल्याचं दादा बोलले. चांगलं बोलले. मग मी उभी राहिले आणि बाकीचं सगळं बोलले. कोट, पूड, साडी, रुमाल. माझा आवाज पत्रकासारखा नव्हता. शेवटी मी मॅनेजरला विचारलं, "कोट काळा का होता हे तुम्हाला माहीत होतं का?"

तो म्हणाला, "नियम लिखा हुआ था."

"इंग्रजीत. कुणासाठी?"

 टेबलाचा खण उघडून त्याने माझं पत्रक काढलं, तेच, आणि काकूंच्या साडीची ओळ मोठ्याने वाचली. एकदा वाचून झाल्यावर समोरच्या कारकुनाला सांगितलं, की यूनियन ने ख़ुद माना, असं लिहून घ्या.

काकूंना काढलं. कारण लिहिलं होतं, 'तपासणीस अयोग्य'. काळे कोट त्याच आठवड्यात परत आले, त्याच जाड कापडाचे, आणि तेव्हाही कुणी बायकांना कारण सांगितलं नाही. आंधळं बसणं दोन मिनिटांवरच राहिलं. दादा माझ्याशी बोलेनासे झाले. माझं काही गेलं नाही. कोट मी उतरवले, पूड मी दिली, ओळ मी लिहिली, आणि मी पॅकिंगला होते तिथेच राहिले. पॅकिंगमधल्या बाईला कुठल्याही भेगेबद्दल जबाबदार धरत नाहीत. मॅनेजरही राहिला. नियम लिहिलेला होता.

मी एक शेवटचं पत्रक केलं. युनियनच्या मशीनवर ते छापून मिळणार नव्हतं, म्हणून हाताने सात प्रती काढल्या. त्यात घोषणा नव्हती. लिहिलं होतं, की फ्लुओरोक्रोम म्हणजे न दिसणारा उजेड घेऊन दिसणारा उजेड देणारा रंग. तो टाकीत आहे, तसाच बाजारातल्या कपडे पांढरे करायच्या पुडीतही आहे. अशा कापडाच्या उजेडात भेग दिसत नाही. म्हणून कोट काळा हवा, पण पातळ कापडाचा हवा, आणि बसणं पुरी दहा मिनिटं हवं. आणि तपासणीतल्या काकूंची नजर चुकलेली नाही. एक प्रत अंधारखोलीच्या दारावर लावली, त्या टाइप केलेल्या कागदाच्या शेजारी. दुसऱ्या दिवशी ती नव्हती. मी दुसरी लावली. तीही गेली. सहावीपर्यंत असं चाललं. सातवी मी काकूंना नेऊन दिली.

तेव्हा लढाई संपली होती, आदल्याच दिवशी. गल्लीत पेढे वाटत होते, रेडिओ मोठ्याने लावलेले, कुणीतरी खिडकीवरचा काळा कागद फाडून काढत होतं. काकू मागच्या अंगणात धुणं धूत होत्या. त्यांनी हात पुसून पत्रक घेतलं, पूर्ण वाचलं, शेवटची ओळ दोनदा वाचली असावी. घडी घालून ते पोलक्यात ठेवलं.

"चांगलं लिहिलं," म्हणाल्या. मग तोच प्रश्न. "त्या बाकीच्या पेट्या. त्या तुकड्यांचं काय झालं असंन?"

मी रसायनवाल्याला विचारलं होतं. त्याने मोठ्या कारखान्यातल्या ओळखीच्या माणसाला विचारलं होतं. पेट्या पुढे गेल्या होत्या, कुठे ते कुणी सांगत नव्हतं, आणि त्यातल्या किती तुकड्यांत भेगा होत्या हे तर आता कुणालाच कधी कळणार नव्हतं. माझ्या इतक्या पत्रकांत मी कधी एकदाही न लिहिलेलं वाक्य मी तिथे अंगणात म्हटलं.

"माहीत नाही, काकू."

"बरं," त्या म्हणाल्या. बादलीत ती पिवळट साडी भिजत होती. त्यांनी ती बाहेर काढली आणि एक टोक माझ्या हातात दिलं. मी ते धरून अंगणाच्या दुसऱ्या कडेला गेले, आणि आम्ही दोघी दोन बाजूंनी ती पिळत राहिलो.